पाहुण्याचं पाणी

तलातो राजधानी वागाडुगूहून काया या आपल्या गावी आली ती थेट बापाच्या उत्तरकार्याला. तो जिवंत होता तोवर तिला त्या घराचं दार बंदच होतं.

कारण काय, तर एक सिनेमा. चेटकीण ठरवून ज्या म्हाताऱ्यांना घराबाहेर हाकलतात, त्यांच्यावरचा माहितीपट. खऱ्या बाया कॅमेऱ्यापुढे यायला धजेनात, म्हणून नटी असलेल्या तलातोने त्यांचे हाल स्वतः वठवून दाखवले. असल्या सिनेमात ना पैसा ना नाव, पण तिने जीव ओतला. तो कायाच्या चौकात पडदा लावून दाखवला, आणि कातडी कमावणाऱ्या तिच्या बापाला, यांबाला वाटलं, पोरीने आपल्याच माणसांची अब्रू वेशीवर टांगली. त्यानंतर त्याने तिचं नावही घेतलं नाही. हट्टी होता मेला, पहिल्यापासून.

आमच्यात उत्तरकार्याला घरची सून मेलेल्याचे कपडे घालते, त्याच्यासारखी चालते, बोलते, शिव्याही देते. तिला कुरिता म्हणतात. त्या दिवसापुरती ती मेलेला माणूसच. ती बोलेल तो त्याचा शब्द. पण यांबाची सून पडली बाळंतीण. मग तेंपोको आत्याने भाचीला गाठलं.

"परक्या बायांची सोंगं घेतेस, मग बापाचं घ्यायला काय धाड भरली?"

"मला नाही जमणार, आत्या."

"न जमायला काय झालं? आणि सगळ्यांसमोर मी काही विचारीन, तेव्हा नीट उत्तर दे. कळलं?"

तलातोला कळलं. तिचे डोळे भरून आले.

बापाची टोपी कपाळावर ओढून, डावा पाय फरफटत, कोलाचं कडू बी चघळत ती अंगणात आली आणि जावयावर खेकसली, "जेवायला बरा वेळेवर उगवतोस रे!" अंगण हसून लोटपोट झालं. म्हाताऱ्या हसता हसता डोळे पुसू लागल्या. "अगदी यांबाच गं बाई!" इतकं चांगलं काम तिने आयुष्यात केलं नव्हतं. इतकी वर्षं न भेटलेला बाप आपल्या अंगात इतका भरलाय, हे तिलाच सहन होईना.

आत्या पुढे आली. तिच्या हातात पाहुण्याला देतात ते बाजरीच्या पिठाचं पाणी होतं.

"दादा, तुझी तलातो दारात उभी आहे. हे पाणी दे तिला, घरात घे."

नुसतं 'दे' म्हटलं असतं तरी झालं असतं. शब्द तिच्या ओठावर होता. पण तिची हनुवटी वर गेली, घसा खाकरला, आणि उलट्या हाताने तिने वाडगा लोटून दिला.

"कोण तलातो?"

पाणी मातीत सांडलं. कोणी हसलं नाही.

आत्याने तिला घरामागे ओढत नेलं. "मेले, एक शब्द बोलायचा होता! कोण तुला खोटं म्हणणार होतं?"

तलातो टोपी छातीशी धरून हमसून हमसून रडत होती.

"मी खूप विनवलं गं, आत्या," ती म्हणाली. "बाबांनी नाहीच ऐकलं."