नाडी बघायची सवय

थोरली जाऊ गेली तेव्हा मी तिच्या शेजारीच बसले होते. सकाळची वेळ, दोघी मेथी निवडत होतो. "पाठीत कळ आली गं," एवढंच ती म्हणाली, भिंतीला टेकली आणि तिची मान कलली. बारामतीच्या दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. हृदयविकाराचा झटका, डॉक्टर म्हणाले.

तेरावा झाला, पाहुणे पांगले. मग एका दुपारी शिलाई मशीनवर बसले असताना माझ्याच पाठीत चमक भरली. दिवसभर वाकून ब्लाऊज शिवणाऱ्या बाईची पाठ दुखायचीच. पण मला दरदरून घाम फुटला. मी मनगटावर बोटं ठेवली. नाडी चालू होती. जीव भांड्यात पडला.

तिथून ती सवय लागली. आधी पाठ दुखली की बघायचे, मग पाण्याची घागर उचलली की, मग उगीचच. गिऱ्हाईक बाई मापाला उभी असायची आणि माझा एक हात टेपवर, एक गळ्याशी. नाडी जरा जलद लागली की भीती वाटायची, भीतीनं ती आणखी पळायची. आमचे मालक वैतागून का होईना, बारामतीला घेऊन जायचे. ईसीजी चांगला निघायचा. परतताना मी हसायचे, रस्त्यात थांबून रस प्यायचे. आमचं सणसर जवळ आलं की वाटायचं, त्यांचं मशीनच बिघडलेलं असलं तर?

हळूहळू दवाखान्यापासून लांब जायचंच मी सोडलं. माहेर लांब, नरसिंहपूरचं. तेही तुटलं.

शेवटी सगळ्या तपासण्या झाल्यावर बारामतीच्या डॉक्टरीणबाईंनी मला समोर बसवलं. "ताई, नाडी बघितल्यावर किती वेळ बरं वाटतं?"

"थोडाच वेळ."

"आणि मग?"

"परत बघावंसं वाटतं."

"तुमच्या हृदयाला काही झालेलं नाही. पण भीती आली की तुम्ही तिला घास टाकता, म्हणून ती रोज दारात येते. आता आली की येऊ द्या. नाडी बघू नका, इकडं पळत येऊ नका. ती कुठवर वाढते ते नुसतं बघा."

मला राग आला. "आणि खरंच काही झालं तर?"

"काहीच होणार नाही, अशी खात्री मी नाही देऊ शकत," त्या म्हणाल्या. "मलाही कुणी देत नाही."

काही दिवसांनी भावाला मुलगी झाली. आईचा फोन आला, "बारशाला बी येणार न्हाईस व्हय गं?" मी येते म्हणून बसले.

मोटारसायकलवर निघालो. इंदापूर मागं पडलं, दवाखान्यांचे फलक संपले, दोन्ही बाजूंना नुसता ऊस. छाती धडधडायला लागली. हातांना मुंग्या आल्या. हितं काही झालं तर?

"अहो, गाडी वळवा."

त्यांनी कडेला थांबवली. मी खाली उतरले. "जायचं का माघारी? तू म्हणशील तसं," ते म्हणाले.

माघारी वळलो असतो तर इंदापूरच्या वेशीतच मला बरं वाटलं असतं. आणि नरसिंहपूर कायमचं राहिलं असतं, हेही तिथं उभी असताना मला कळत होतं. मी मोटारसायकलची सीट घट्ट धरली. नाडी बघायची नाही. जावेचा चेहरा डोळ्यांपुढं आला, भिंतीला टेकलेला. जीभ कोरडी पडली. आता पडते, असं वाटलं. उसाच्या मोळ्या भरलेला ट्रॅक्टर गाणं वाजवत गेला, त्याची धूळ अंगावर बसली. मी उभीच होते. भीती वाढत गेली, वाढून तशीच थांबली, आणि मग कुणी काही न करता थोडी उतरली. पहिल्यांदा जाणवलं की तहान लागलीय.

"पाणी हाय का?"

त्यांनी बाटली दिली. माझ्या तोंडाकडं बघत राहिले.

"चला," मी म्हणाले.

"कुठं?"

"कुठं म्हंजे? बारशाला."

पाळण्याशी बायका गात होत्या तेव्हा भीती पुन्हा आली. मी भिंतीशी सरकले. आई जवळ आली.

"किती वाळलीस गं. काय हुतंय?"

"भ्या वाटतं, आई. मरायचं."

"मला बी वाटतं," ती म्हणाली आणि पंगतीचं बघायला गेली.

त्या दिवशी मी पोटभर जेवले, पण भीती गेली असं नाही. एखाद्या दिवशी मी हरते, बोटं मनगटावर जातात, आणि दुसऱ्या दिवशी भीती दुप्पट होऊन येते. ज्या दिवशी जात नाहीत त्या दिवशी ती येते, छातीवर बसते, कंटाळून उठते. बारामतीला मी हल्ली अस्तर आणि बटणं आणायला जाते. दवाखान्यावरून जाताना अजून पाय तिकडं वळू बघतात.