हिरोचाचांचा काठोकाठ पेला

हिरोचाचांची पाठ फार बोलकी होती. रियाधच्या अल मलाझमध्ये आम्ही शेजारी. मी दवाखान्यात नर्स, ते अरबी झगे शिवणारे कारागीर, मूळ हर्णैचे. पण धंदा विचारला की ठणकावून सांगायचे, "ॲक्टर!" ते खोटंही नव्हतं. इथल्या मालिकांत परदेशी नोकर लागला की त्यांना बोलावणं यायचं. कधी ड्रायव्हर, कधी माळी. संवाद नाही, बहुतेकदा चेहराही नाही. "पाठ दिसली तरी पाठीत माणूस दिसला पायजे," म्हणत ते आरशाकडे पाठ करून उभे राहायचे. आता आरशात बघणार कोण? ते काम माझ्याकडे यायचं.

कफील, म्हणजे त्यांचा हमीदार मालक, सुट्टी द्यायला कुरकुरायचा. मग चाचा आधी दुप्पट झगे शिवून द्यायचे आणि शूटिंगला जायचेच. हट्ट म्हणजे हट्ट.

गावी अमिनाचाची प्रत्येक मालिका फोनवर बघायच्या आणि विचारायच्या, "ह्यात तुम्ही कुठं होता?"

"ताट ठेवणारा हात बघितलास ना? तो माझा."

"हात काय, कुणाचापण असतो."

हे मात्र चाचांना लागलं. "बाय, परत जायच्या आधी तिला माझा तोंड दाखवणार," ते मला म्हणाले.

पहिल्याच भूमिकेत त्यांनी घोळ घातला होता. पाहुण्याला कहवा, म्हणजे अरबी कॉफी, द्यायचा होता. आपल्याकडे अर्धा पेला पुढे केला तर पाहुणा वर्षभर नावं ठेवील, म्हणून त्यांनी काठोकाठ भरला. इथे कहवा घोटभरच ओततात, पुन्हा पुन्हा ओततात. भरलेल्या पेल्याचा अर्थ, प्या आणि चालते व्हा. दिग्दर्शक "खलास!" म्हणून ओरडला आणि भूमिका गेली.

पुढे डोळे अधू झाले, सुईत दोरा जाईना. यंदा इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, वाढवायचा नाही असं ठरलं. शेवटची मालिका आली आणि तिच्यातही कहवाच. मालकाचा जावई चारचौघांत म्हाताऱ्या नोकराचा अपमान करतो, नोकर मान खाली घालून कहवा ओततो आणि निघून जातो. चाचांनी एक वाक्य मागितलं. "नोकर बोलत नाही. यल्ला, चला!" दिग्दर्शकाने विषय संपवला.

त्या संध्याकाळी चाचा सरळ माझ्या दारात आले. "मी वाकलो, बाय. आणि ओतत ऱ्हायलो."

पेला काठापर्यंत भरला. जावई झालेल्या नटाचा हात हवेतच थांबला. कुणी थांबवलं नाही. चाचांनी मान वर केली आणि कॅमेरा त्यांच्या चेहऱ्याकडे वळला. बऱ्याच वेळाने दिग्दर्शक "खलास" म्हणाला, पण या वेळी हळूच.

रमजानमध्ये मालिका लागली तेव्हा चाचा हर्णैला पोचले होते. तो चेहरा पडदाभर दिसला आणि मी एकटीच हुंदके देत बसले. इतकी वर्षं मी त्यांची पाठच तपासत आले होते. लगेच फोन लावला.

"चाची काय म्हणाल्या?"



"इचारते, एवढा राग कुणावर काढलात? कुठं होता ते इचारलाच नाय गो तिनं."