टाचणीबाईचा लाल दोऱ्याचा रस्ता

सकाळी धुकं इतकं दाट होतं, की समोरच्या औषधाच्या दुकानाची हिरवी पाटी नुसता डाग पडल्यासारखी दिसत होती. आत काचेवर वाफ धरलेली. टाचणीबाई एका लठ्ठ गृहस्थाची पॅन्ट कमरेत सैल करून इस्त्रीखाली दाबत होती. तोंडात चार टाचण्या, त्यामुळे आल्यागेल्याला "या, बसा" म्हणायचं काम भुवयांवरच चालायचं. तीस वर्षं हे असंच चाललंय. गल्लीनं तिचं खरं नाव केव्हाच मोडीत काढलं.

बाई नवं शिवते थोडं, दुरुस्त करते फार. दुसऱ्याच्या हातचं कापड आलं की आधी उलटं करून बघते. म्हणते, वरून सगळेच गोजिरे, आतली शिवण बघितली की कारागीर कळतो. या खोडीपायीच प्रवासाचं खूळ डोक्यात शिरलं. एका जुन्या मासिकात तिनं युरोपातल्या कुठल्याशा पुराण्या शहरातला, भिंतीएवढा विणलेला पडदा पाहिला. शिकारी, कुत्री, हरणं, सगळी शेकडो वर्षांपूर्वीची. खाली बारीक अक्षरात लिहिलेलं, पडदा दालनात मधोमध टांगलाय, मागूनही बघता येतो.

झालं! "मागूनही बघता येतो गं!" आठवडाभर तिनं घर डोक्यावर घेतलं.

घर म्हणजे दुकानामागच्या दोन खोल्या, आणि त्यात थोरली बहीण. ताईचे गुडघे गेलेले. ताईच्या मुलीला रजा नाही. म्हणजे बाई एकटीच जाणार, चार दिवस. भाचीनं तिकीट धरून ठेवलं होतं, आज दुपारी चारपर्यंत. त्याआत फोनवरचं बटण दाबलं तर दाबलं, नाहीतर गेलं.

अडवून बसली होती ती ताई.

"तू? एकटी? पलीकडच्या वसाहतीत ब्लाउज पोचवायला गेलीस आणि तीन तासांनी उगवलीस, ते विसरलीस?"

"ती माझी चूक नव्हती. निळ्या कोटाचा पुतळा दिसला की डावीकडे, असं मी ठरवलेलं. दुकानदारानं कोटच बदलला, त्याला मी काय करू?"

"तिकडचे दुकानदार तुझ्यासाठी वर्षभर एकच कोट टांगून ठेवणारेत का?"

शेवटी ताईनं अट घातली. हॉटेलपासून पडद्याच्या दालनापर्यंत आणि परत, कुणाला न विचारता रस्ता सांगून दाखव, मगच बटण.

भाची सकाळची पाळी संपवून आली आणि म्हणाली, "मावशी, काढ तुझा नकाशा." तिनंच तो मोठ्या कागदावर छापून आणून दिला होता. बाईनं ड्रॉवरमधून चार तुकडे काढले. दिवसाला एक तुकडा, कडा अशा साफ की बोट फिरवावं.

भाचीनं कपाळाला हात लावला. "अगं, रस्त्यावरूनच कापलंस?"

"मग? पेपर कटिंग रेषेवरच करतात. शिवणीची जागा सोडायची ती कापडावर."

रस्त्यांच्या ठळक रेषा बघून बाईचा हात सवयीनं चालला होता. कडेचा प्रत्येक रस्ता उभा चिरलेला, नावांची डोकी एका तुकड्यावर, पाय दुसऱ्यावर. हॉटेल तर तीन दिवसांत वाटलं गेलेलं. बाई तुकडे सरकवत राहिली, पूल नदीला सोडून भलतीकडेच टेकला.

"बघ," ताई म्हणाली. पण जिंकल्याचा तोरा आवाजात नव्हता. तिनं तोंड फिरवलं आणि उगाच खुर्चीची गादी झटकली.

बाईनं अस्तराचं हातभर कापड फाडलं, चारही तुकडे त्यावर खळीनं जुळवून चिकटवले, इस्त्रीनं वाळवले. मशीनमध्ये लाल दोरा ओवला आणि हॉटेलच्या दारात सुई उतरवली.

मशीन चाललं. वळण आलं की सुई खाली, मशीनचा पाय वर, कापड फिरव, पाय खाली. बाई पुटपुटत होती, "पुलापर्यंत सरळ. पूल संपला, उजवीकडे. कारंजं. डावीकडे अरुंद बोळ, इथं टाके बारीक..." दालनाशी पोचून तिनं दोरा तोडला आणि नकाशा ताईच्या मांडीवर पालथा टाकला.

"विचार आता."

डोळे मिटून ती रस्ता सांगायला लागली. हात हवेत कापड फिरवत होते. एकदाही अडखळली नाही.

ताई वस्ताद. "जाशील गं. परत कशी येणार?"

इथं बाई थांबली. भाची घड्याळाकडे बघायला लागली. मग बाईचे हात पुन्हा हलले, या वेळी नखानं टाका उचकटावा तसे. "उसवायचं शेवटच्या टाक्यापासून. बोळातून बाहेर, उजवीकडे... कारंजं... मग डावीकडे, पूल... आणि सरळ हॉटेल."

ताईनं नकाशा उलटा केला, बोट लावून एकेक वळण तपासलं. बराच वेळ. मग नाक ओढलं.

"चारच दिवस ना?"

"चारच."

"मशीन बंद असलं की घर खायला उठतं मला." आणि लगेच लेकीवर खेकसली, "दाब ते बटण! पावणेचार झाले, बघत काय बसलीस?"

भाचीनं दाबलं. तिघी फोनवर वाकल्या. स्क्रीनवर हिरवी खूण उमटली तेव्हा ताई म्हणाली, "मागच्या गाठी कशा मारल्यात, नीट बघून ये. मला सगळं सांगायचं. उगाच 'छान होतं' नको."

तेवढ्यात दार ढकलून पोस्टातला कारकून आला, हातात कोट. "चेन अडकलीय. संध्याकाळी मिळेल?"

"सहाला या," टाचणीबाई म्हणाली. मशीनवरचा लाल दोरा तिनं काढून ठेवला आणि काळा ओवायला घेतला.