बिनमिठाची पेज

आज सकाळी पेजेत मीठ घालायचं राहिलं. अळणी घोट तोंडात आला आणि मी साठ-पासष्ट वर्षं मागे, रेवदंड्याजवळच्या खाडीकाठी, आमच्या पडवीत जाऊन बसले.

शिमग्याला माणगावला दिलेली थोरली बहीण आक्का दोन वर्षांनी माहेरी आली होती. लाल तांदळाची वाफाळती पेज, सोबत भाजलेला सुका बोंबील. आक्कानं घोट घेतला नि तोंड वाकडं केलं. "आये, मीठ केवढं घातलंस गो!"

आई चुलीपाशी थबकली. "मीठ? चव बरोबर लागावी म्हणून कमी कमी करत गेले. आता तर घालतच न्हाय."

बाबा उठले, विहिरीचं पाणी ओंजळीनं प्यायले. "मला तर गोडच लागतंय," म्हणाले, आणि खाडीच्या बांधाकडे बघत राहिले. बांधातली खेकड्यांची भोकं पुढल्या वर्षी बुजवू, असं सगळं गाव दरवर्षी म्हणायचं.

बांधाआडच्या आमच्या शेतात आता खाऱ्या पाण्यातली तिवरं माजलीत. तरी ती पेज मला हवीय. आज मीठ घालून पाहिलं. ती चव येईना. खाडी विहिरीतून घरात शिरत होती, आणि आम्ही आईच्या हातची चव म्हणून मिटक्या मारत होतो.