फ्लेक्सवरचा तो मिशीवाला

फ्लेक्सवरचा तो मिशीवाला माझा भाऊ नाही.

आज संतोषला जाऊन वर्ष झालं. पोलादपूरच्या डोंगरात आमची वाडी. तिथल्या स्टॉपवर गावकीने महाडहून छापून आणलेला फ्लेक्स लावलाय. पांढरा शर्ट, एडिट करून चिकटवलेली मिशी. खाली 'गावाचा अभिमान'.

संत्याने जन्मात मिशी ठेवली नाही. साडीवर शोभत नाही म्हणायचा.

त्याचा पहिला व्हिडिओ मी शूट केला, आमच्या परसात.

"गो ताय, तुझी साखरपुड्याची हिरवी साडी दे ना. वांदरांना जरा वट दाखवायची हाय."

पदर खोचून त्याने फणसावरच्या वानरांना अशा काही शिव्या घातल्या, की हसून हसून माझा हात हलत होता. सगळा व्हिडिओ हललाय.

घरात रेंज नव्हती. तसाच साडीत डोंगरावर चढला, अपलोड होईपर्यंत फोन उंच धरून उभा राहिला.

आठवड्यात व्हिडिओ मुंबईपर्यंत पोचला. मग गावकीने संत्याला बोलावलं.

"डिलीट कर. नायतर शिमग्याला पालखीला हात लावायचा नाय," आबा म्हणाले. आबा म्हणजे आमचे सख्खे चुलते.

दर शिमग्याच्या नाचात संत्याला साडी नेसवून राधा करायचे, ते हेच आबा!

"आबा, देवापुढं नेसलो ती पन साडीच व्हती ना?"

"ते वेगळं हाय."

"मग माझं पन वेगळंच हाय."

डिलीट केला नाही. पालखी गेली.

पालखी नाचवायला जीव टाकायचा तो. त्या शिमग्याला लांब बांधावर उभा राहून ढोलाच्या तालावर रिकामा खांदा हलवत होता. मी पाहिलंय. अजून राग जात नाही माझा.

दुसऱ्या दिवशी परत साडी नेसला.

"ताय, फोन धर. आनि या येळेला हलवू नको."

असे दीडशेच्या वर व्हिडिओ केले आम्ही. मग कावीळ झाली, आणि तीन आठवड्यांत सगळं संपलं.

काल आबांचा फोन. "पासवर्ड तुज्याकडंच हाय ना गो? बंद कर ते च्यानल. आता तरी त्याची अब्रू ऱ्हाऊ दे."

आबा, त्याची अब्रू त्या चॅनेलवरच आहे. बंद होणार नाही.

तो हललेला पहिला व्हिडिओ खाली टाकलाय. फ्लेक्सपुढे हात जोडून फोटो काढलेत ना, त्यांनी तो बघावा.

आणि शिमग्याला मी माहेरी येतेय. पालखी दारात आली की ओटी भरायला मीच उभी असेन, तीच हिरवी साडी नेसून. तिचा पदर पालखीला लागणार. अडवून दाखवा.

जा रे संत्या, निवांत जा.

फोन मी धरलाय. या वेळी हात हलणार नाही.