डुकराची झूल

पारबताबाईंच्या घरी कोणी नवीन माणूस आला की चुलीवर चहा ठेवण्याआधी त्या त्याला समोर बसवायच्या आणि सांगायच्या, "भाऊ, माह्या काळजात डुकराची झडप हाय. नागपूरले बसवली. आता सांगा, चहा पेता का जाता?"

माणूस गोंधळायचा. कोणाला ती थट्टा वाटायची, कोणाला एकदम घाईचं काम आठवायचं. जो बसला त्याला भरपूर आलं घातलेला चहा मिळायचा. जो उठून गेला त्याच्यामागे पारबताबाई एक वाकडा शब्द बोलायच्या नाहीत. "आधी सांगाव, मंग पाजाव," एवढंच म्हणून त्या पुन्हा मागावर जाऊन बसायच्या.

भंडाऱ्याकडच्या आंधळगावात त्यांच्या मागाच्या खोलीमागची खोली आम्ही भाड्यानं घेतली होती. मी लातूरकडची. आठवीत शाळा सुटली, मग लग्न झालं, आणि नवऱ्याला वरठीच्या पोलाद कारखान्यात ठेकेदाराकडे काम लागलं म्हणून इतक्या लांब आले. तो सकाळी मोटरसायकल काढून गेला की मी आतून कडी लावून बसायचे. इथलं बोलणं कानाला नवीन. बायकासुद्धा "मी येतो, मी जातो" म्हणायच्या. तिसऱ्या दिवशी घागर रिकामी झाली, तरी पाणी कुठे भरायचं हे विचारायला माझा पाय उंबऱ्याबाहेर पडेना. दुपारी पारबताबाईंनीच दार वाजवलं.

"काहून वं, तहानेनं मरून राहिली का अंदर? माह्या घरात मेली तं तुह्या मायले मी काय सांगू?"

मी रडले. त्यांनी पाणी दिलं आणि हातात सुताच्या कांड्या भरायचं चाक दिलं. "रडाचं असन तं रड, पन हात चालू ठेव. सूत भिजलं तं चालते, तुटलं नाही पाह्यजे." त्या दिवसापासून मागावर इकडून तिकडे फेकायच्या त्यांच्या धोट्यात जाणारी प्रत्येक कांडी मी भरली. मी त्यांना मावशी म्हणू लागले. जन्मदात्या आईइतकं मी ह्या बाईचं देणं लागते.

त्यांचा माग खड्ड्याचा, आणि विणायच्या त्या कोसा, म्हणजे रानातलं रेशीम. जंगलातल्या झाडांवर किडा स्वतःभोवती कोश करून झोपतो. तो कोश उकळत्या पाण्यात टाकायचा, आतला किडा मरतो, मग मऊ झालेल्या कोशाचं सूत मांडीवर वळून काढायचं. त्या उकळण्याचा वास घरभर बसतो, केसांतून जात नाही. गावातल्या देवळात रामनवमीच्या पूजेला लागणारं कोशाचं सोवळं पारबताबाईंच्या सासूच्या सासूपासून ह्याच मागावर विणलं जात होतं. नवरा गेला, मुलगा मधुकर तुमसरच्या राइस मिलमध्ये लागला, माग त्यांनी सोडला नाही.

आम्ही आलो त्याच्या दुसऱ्या वर्षी त्यांना दम लागायला लागला. आधी वीसदा धोटा फेकून त्या थांबायच्या, मग दहादा, मग पाचदा. त्या वर्षीचं सोवळं अर्धं विणून मागावर राहिलं. नागपूरच्या डॉक्टरांनी सांगितलं, हृदयाची एक झडप दगडासारखी झाली आहे, बदलावी लागेल.

झडप दोन प्रकारची असते, असं डॉक्टर म्हणाले. धातूची जन्मभर टिकते, पण रक्त पातळ ठेवायची गोळी रोज घ्यायची आणि रक्त सारखं तपासून घ्यायचं. डुकराची दहा-पंधरा वर्षं टिकते, पण त्या गोळीचा जाच फारसा राहत नाही. ह्या वयाला दुसरी बरी पडेल.

मधुकरचा चेहरा उतरला. "आई, लोखंडाचीच घे ना. गावात काय सांगू मी?"

पारबताबाईंनी त्याच्याकडे पाहिलंच नाही. डॉक्टरांना विचारलं, "ते डुक्कर माह्यासाठी मारलं का?"

"नाही आजी. खाण्यासाठी मारलेल्या डुकरांच्या झडपा घेतात."

"मंग ते माह्या अंगात जितं राहीन का?"

"नाही. परकी वस्तू आत आली की शरीर ती ओळखतं आणि तिच्यावर तुटून पडतं. म्हणून औषधात धुऊन त्यातलं जिवंत असलेलं सगळं काढून टाकतात. उरतो तो नुसता पडदा."

त्यांनी मान हलवली. "म्हंजे कोशासारखं. किडा गेला, घर राह्यलं."

संमतीचा कागद त्यांनी माझ्या हातात दिला. मी म्हटलं, "मावशी, मधुकरदादांना वाचू द्या. मी आठवी. मला भीती वाटते."

"तो बी भेतो. पन तो भेला का डोळे मिटते. तू भेऊन बी वाचते. वाच."

मी वाचला, अडखळत, एकेक ओळ. मधुकरनं सही केली.

ऑपरेशन झालं, त्या घरी आल्या, आणि मग चूक माझ्या हातून झाली. आनंदाच्या भरात मी नळावर बोलून गेले. कोणी विचारलं, "कशी हाय बुढी?" मी म्हटलं, "एकदम चांगली, डुकराची झडप बसवलीय, घोड्यासारखी चालते." नळावरच्या बायका एकमेकींकडे पाहत घागरी उचलून निघाल्या. संध्याकाळपर्यंत गावभर झालं. मला वाटलं, आता खोली गेली. मी पिशवी भरायला घेतली आणि त्यांच्या पायाशी जाऊन म्हटलं, "मावशी, माझ्याच तोंडून गेलं."

त्या खाटेवर पडून छातीवरच्या टाक्यांना जपत हसत होत्या. "गेलं ना? मीच सांगनार होतो, छातीची जखम भरून आली का. माह्या तोंडाचं काम वाचलं." मग हसणं आवरून, "पन एक आयक. माह्या अंगातलं सांगाचं असन तं मी सांगीन. तुह्या अंगातलं तू सांग. दुसऱ्याच्या अंगातलं दुसऱ्याले सांगू दे."

चहाआधी सांगायची त्यांची सवय तेव्हापासूनची.

तीन महिने डॉक्टरांनी मागावर बसू दिलं नाही. चौथ्या महिन्यात त्या बसल्या आणि सोवळं पुरं केलं. रामनवमीला आठ दिवस होते. देवळाच्या कमिटीचे अध्यक्ष दौलतरावभाऊ आले. पारबताबाईंच्या वयाचेच, लहानपणापासूनचे ओळखीचे, ह्या घरचा चहा कित्येकदा प्यायलेले. ते उंबऱ्याबाहेरच उभे राहिले.

"बाई, यंदा सोवळं दुसरीकडून घेतलं. समजून घ्या. लोक म्हनतात, डुक्कर अंगात असलेल्या हातचं देवाले कसं चालीन?"

मी भिंतीला चिकटले. पारबताबाई उठल्या, चुलीवरच्या भगुण्याचं झाकण त्यांनी काढलं. कोसे उकळत होते. वास सरळ दारात गेला, तसं दौलतरावभाऊंनी नाकाला उपरणं लावलं.

"पाहा भाऊ, एका सोवळ्याले किती कोसे लागतात. एका कोशात एक जीव. इतके जीव उकळले का तुमचं सोवळं होते, ते नेसून पूजा चालते. आन माह्या एका डुकरानं देव बाटते? ते तं माह्यासाठी मेलं बी नव्हतं. हे किडे तं तुमच्यासाठीच मेले."

"तसं नाही बाई, परंपरा हाय."

"परंपरा माह्या सासूच्या सासूची हाय. तुमची तं नुसती कमिटी हाय."

ते गेले. त्या रात्री त्या जेवल्या नाहीत, आणि सोवळं घडी करून पेटीत ठेवलं. रामनवमीला देवळात गिरणीचं पिवळं कापड आलं.

त्या उन्हाळ्यात नवऱ्याच्या मोबाइलवर मी त्यांना एक बातमी दाखवली. परदेशात डुकराचं अख्खं मूत्रपिंड माणसाला बसवलं होतं. त्यासाठी डुकराच्या बीजातच बदल करतात, त्याला बंद, स्वच्छ खोलीत वाढवतात, कुठला रोग लागू देत नाहीत. मला वाटलं, त्यांना बरं वाटेल. त्यांनी मोबाइल माझ्या हातात परत दिला.

"म्हंजे त्यानं चिखलच नाही पाह्यला," त्या म्हणाल्या. "माह्यावाल्यानं तरी पाह्यला असन. हे तं मारासाठीच जन्मले घातलं." मग स्वतःशीच बोलल्यासारखं, "मी नाही म्हनत नाही. मले जगाचं होतं, म्हून घेतलं. उद्या कोनाचं लेकरू मरत असन तं मी म्हनीन, घ्या. पन घेतलं तं त्याचं नाव घ्याव. लपवू नये."

पुढच्या तपासणीला आम्ही दोघी नागपूरला गेलो, तेव्हा तिथल्या परिचारिकेशी त्यांच्या गप्पा रंगल्या. गावानं सोवळं नाकारलं हे ऐकून ती हसली. म्हणाली, "आजी, हृदयाचं काहीही करायला इथे येणाऱ्या बहुतेक सगळ्यांना रक्त गोठू नये म्हणून एक इंजेक्शन देतात. ते डुकराच्या आतड्यापासूनच बनतं." माझ्या डोळ्यांपुढे लगेच दौलतरावभाऊ आले. मागच्याच वर्षी त्यांच्या हृदयाच्या नळीत स्प्रिंग बसवली होती, गावभर पेढे वाटले होते.

परतताना बसमध्ये मी म्हटलं, "मावशी, आता सांगायचं. चौकात सांगायचं."

"कायले?"

"त्यांनी तुमच्या हातचं काम काढून घेतलं म्हणून."

"माहं काम त्यानं नेलं, ते मी त्याच्या तोंडावर मांगीन. त्याच्या अंगातलं तो सांगीन नाहीतं नाही सांगीन." त्यांनी माझा हात दाबला. "नळावर गेली तं तोंड बंद ठेवजो."

त्यांचं मागणं पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी निघालं. आमच्याकडे फक्त बैलपोळा असतो, इकडे दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा. पोरं चाकाचे लाकडी नंदी सजवून गावभर ओढतात, दारोदार त्यांना बोजारा मिळतो, म्हणजे खाऊ किंवा नाणं. पारबताबाईंनी सुताराकडून चाकाचं लाकडी डुक्कर करून घेतलं होतं. सकाळी त्यांनी पेटीतून सोवळं काढलं आणि मला म्हणाल्या, "धर तिकडचं टोक. तान."

त्यांनी कात्री उचलली. चार महिन्यांचं काम होतं. त्यांनी काठासकट वीतभर पट्टी कापली. कापताना त्यांचे डोळे भरले होते, पण कात्री थांबली नाही. त्या पट्टीची त्यांनी डुकरासाठी झूल केली. कपाळाला कुंकू लावलं, दोरी हातात घेतली, आणि साठी उलटलेली ती बाई पोरांच्या रांगेत जाऊन उभी राहिली. मागे मी, हातात पुरणाचं ताट. पोरं आधी पांगली, मग खिदळत मागे आली. माणसं ओट्यावर आली. कोणी म्हणालं, बुढी पागल झाली. त्या म्हणाल्या, "आयुष्यभर शहानी राहून पाह्यलं, बाबू."

दौलतरावभाऊंच्या दारात त्या थांबल्या. "बोजारा द्या."

भाऊंनी झूल ओळखली. "बाई, देवाचं वस्त्र डुकराले?"

"देवानं कुठं नाही म्हटलं? तुम्ही म्हटलं. वस्त्र करून ठेवलं होतं, कोनाले तं लेववाव लागन. बैल नांगर ओढते म्हून तुम्ही त्याले पूजता. माह्या डुकरानं मले ओढलं."

माझ्या जिभेच्या टोकाशी ते इंजेक्शन आलं होतं. पारबताबाईंनी मागे न वळता नुसता हात मागे केला आणि माझं मनगट धरलं. भाऊ आत गेले. दार लागलं. आम्ही पुढच्या दारी गेलो. तिथे एका म्हातारीनं डुकरापुढे खोबऱ्याचा तुकडा ठेवला. त्यानंतर दरवर्षी ते डुक्कर निघालं, आणि दरवर्षी त्याच्यामागे दोन-चार पोरं जास्त असायची. सोवळं मात्र देवळानं पुन्हा मागितलं नाही. दरवर्षी रामनवमीच्या आधी त्या विणून तयार ठेवायच्या, आणि दरवर्षी पेटीत एक घडी वाढायची.

गेल्या पावसाळ्यात त्यांना साधा ताप म्हणून आला आणि चार दिवसांत रक्तात उतरला; त्या गेल्या. भंडाऱ्याच्या डॉक्टरांनी मला सांगितलं, झडपेचं काही नव्हतं, ती शेवटपर्यंत नीट चालत होती. गावात मात्र दुसरंच फिरलं. डुक्कर आत फाटलं म्हणे.

तेरवीला मागाच्या खोलीत सतरंज्या टाकल्या. फोटोला हार, शेजारी लाकडी डुक्कर. मधुकरनं ते उचलून कोपऱ्यात ठेवलं. मी परत आणून ठेवलं. माणसं जमली, दौलतरावभाऊही आले. कोणीतरी त्यांना दोन शब्द बोला म्हटलं. ते उभे राहिले, तिच्यासारखी कोसा विणणारी बाई होणार नाही म्हणाले, आणि शेवटी म्हणाले, "फक्त ती परकी वस्तू अंगात घ्याले नव्हती पाह्यजे."

मी चहाचा ट्रे घेऊन दारात उभी होते. भरल्या घरात पुरुषांसमोर मी आजवर बोलले नव्हते.

"चहा घेण्याआधी एक ऐका," मी म्हटलं. "पारबतामावशीच्या काळजात डुकराची झडप होती. ती शेवटपर्यंत चालली, डॉक्टरांना विचारा. मावशीनं हे सांगितल्याशिवाय ह्या घरात कोणाला चहा पाजला नाही. मी पण पाजणार नाही. आता ज्याला जायचं त्यानं जावं."

मग दोघं उठून गेले. मी दौलतरावभाऊंकडे पाहिलं. माझ्याकडे त्यांची एक गोष्ट होती. ती मी तोंडातच ठेवली. त्यांना ती ठाऊक आहे की नाही, मला आजही माहीत नाही.

त्यांनी हात पुढे केला आणि ट्रेमधला पहिला कप उचलला. एक घोट घेतला.

"आलं तिच्यासारखंच टाकलं," ते म्हणाले, आणि कप रिकामा केला.