हरल्यावरची वाक्यं

लातूर-औसा एसटीत शेजारचा माणूस मोबाइलवर जुना जपानी फुटबॉल गेम खेळत होता. गोलमागून गोल खायचा आणि वहीत काहीतरी लिहायचा. न राहवून मी म्हणालो, "लई हरायलात."

"मुद्दाम. ह्या गेमचं मराठी करायलोय. हरल्याबिगर कप्तानाची हरल्यावरची वाक्यं दिसत न्हाईत." चष्मा वर सारत तो हसला. "जिंकल्यावर सगळे सारखंच बोलतात, साहेब."

माझ्या दुसऱ्या बाजूला, खिडकीशी, लेक बसली होती. नीटचे मार्क कमी पडल्यापासून मी तिच्याशी बोललो नव्हतो.

सामना संपला. पडद्यावर गोलकीपर रडत होता.

"काय म्हणाला कप्तान?"

त्यानं अर्थ लावत लिहिलं आणि वही माझ्याकडे वळवली. 'चल, भूक लागली असंल.'

औशाला उतरल्यावर मी लेकीची बॅग घेतली आणि तेच वाक्य तिला म्हणालो.